गुंडो मान हलवतो तेव्हा

मुलं लवकर हसली. फार नाही, डोळ्याचं पातं लवावं इतकीच लवकर. पण राघोत्तमच्या ते लगेच ध्यानात आलं. वेस्ट मांबलममधल्या त्या शाळेच्या लांबट वर्गात खिडक्यांना जाड जमखाने लावून अंधार केला होता, समोरच्या भिंतीवर पांढरं धोतर ताणून बसवलं होतं, आणि त्या धोतरावर त्यानं वर्षभर खपून काढलेली, रंगवलेली, हलती केलेली चित्रं चालली होती. शाळांतून दाखवायला आरोग्य खात्यानं मागवलेलं छोटंसं कार्टून. एक मुलगी न उकळलेलं पाणी पिते, पाण्यातून टायफॉइडचा किडा तिच्या अंगात शिरतो, ती अंथरूण धरते, मग औषध, मग उकळलेलं पाणी, आणि शेवटी ती उठून दारातल्या कोलमाच्या रांगोळीवरून उडी मारून शाळेत जाते. संपलं. किड्याचं नाव गुंडो. गोल पोट, काड्यांसारखे सहा पाय, वर मिशा. हा गुंडो खाटेचा पाय धरून वर चढतो, मुलीच्या पोटावर उभा राहतो आणि तंजावरी बाहुली हलवते तशी मान हलवतो. हलवतो आणि थांबतो. मग कितीतरी वेळ पडद्यावर काहीच हलत नाही. मग औषधाचा थेंब टप्पकन त्याच्या डोक्यावर पडतो आणि स्वारी कोलांट्या खात खाली. हसू यायचं ते त्या थांबण्यात. राघोत्तमनं ती जागा हसण्यासाठीच मोकळी सोडली होती. पण मुलं मान हलताक्षणीच खदखदून हसली, हसून मोकळी झाली, आणि ती मोकळी जागा तशीच रिकामी राहिली. यंत्राचा खडखडाट तेवढा ऐकू येत होता. कुणीतरी मांडीवर चापट मारून डास मारला. आणि राघोत्तमला वाटलं, असं कसं? आपली पोर, सरोजा, तर इथं हसायची. इथं, या थांबण्यात, उशिरा.

बाहेर व्हरांड्यात डॉक्टर नारायणस्वामी उन्हात डोळे बारीक करून उभे होते. खात्याचे मोठे अधिकारी, पण माणूस सरळ. रागावले तरी आवाज चढायचा नाही. समोर पटांगणात पोरं पोट फुगवून, माना डोलावून एकमेकांच्या अंगावर चढत होती. "मी गुंडो, मी गुंडो," असं तमिळमध्ये ओरडत होती. "बघा," डॉक्टर म्हणाले, "सगळ्यांना किडा व्हायचंय. आजारी मुलगी व्हायला कुणी तयार नाही. पाणी उकळा म्हणून सांगायला निघालो आपण, आणि यांना तो किडा घरी न्यायला मिळाला तर हवाय. राघोत्तम, तो किडा बदला. दात द्या, नखं द्या, डोळ्यांत रक्त भरा. मुलांनी भ्यायला पाहिजे. नाहीतर मला हे काम मुंबईच्या कुणाकडे तरी सोपवावं लागेल." कॅमेऱ्याचं काम बघणारे वसंतराव यंत्राची पेटी बंद करत होते. ते पुण्याहून आलेले, बोलणं स्वच्छ, नाकात किंचित. "मी आधीच म्हणालो होतो, राघोत्तमराव. तो मधला थांबा फार लांबलाय. एकच चित्र किती वेळ कॅमेऱ्याखाली ठेवायला लावलंत! तिथं काही म्हणजे काही घडत नाही हो." राघोत्तमनं वाकून पेटीचा पट्टा ओढून दिला. त्याची तंजावरी मराठी वसंतरावांपुढे नेहमीच अडखळायची. वसंतराव हसायचे नाहीत, पण "जाहलं" म्हटलं की त्यांच्या भुवया वर जायच्या.

तो चालतच घरी निघाला. स्टेशनाजवळच्या गल्लीत एक म्हातारी फणसाचे काढलेले गरे मांडून बसली होती आणि वर माश्या. त्याला आठवलं, आपण पडद्यावर मुलीला गढूळ पाणी पिताना दाखवलं, म्हणजे झालं, सगळ्यांना कळलं आजार कुठून आला ते. आपल्या सरोजाला कुठून आला? घरमालकाच्या विहिरीतून? शाळेजवळच्या गुलाबी बर्फातून? की आपली बायको भवानी सोवळ्यात भरून ठेवायची त्या घागरीतून? कुणाला ठाऊक. सात वर्षांची पोर, एका दुपारी डोकं दुखतं म्हणाली आणि भिंतीला टेकून बसली. त्यानंतर ती आपल्या पायांनी दारापर्यंत आली नाही. त्याला चारेक वर्षं झाली. एवढ्या काळात तो आणि भवानी सगळं बोलले, तांदूळ, भाडं, भवानीच्या भावाचं लग्न, मांबलमचे डास. सरोजाविषयी मात्र अक्षर नाही. तिचं नाव घरात कुणी घेत नव्हतं. तिचा परकर एका पेटीत आहे हे दोघांना माहीत होतं आणि ती पेटी दोघंही उघडत नव्हते.

तेव्हा तो सिनेमाची पोस्टरं रंगवायचा. दिवसभर नट्यांचे गाल गुलाबी करून यायचा आणि संध्याकाळी दिवा लागायच्या वेळेला पोरीच्या उशाशी बसायचा. ताप उतरत नव्हता. औषध कडू, ती तोंड घट्ट मिटून घ्यायची. भिंतीवरच्या दिनदर्शिकेची फाडलेली पानं भवानी वाण्याच्या हिशेबासाठी जपून ठेवायची; एका संध्याकाळी राघोत्तमनं त्या पानांची चळत घेतली आणि त्यांच्या मागच्या कोऱ्या बाजूवर, एकेका पानावर थोडं थोडं बदलत, एक किडा काढला. चळत एका हातात धरून अंगठ्यानं पानं भरभर सोडली की किडा चालायचा. "बघ कण्णा, बघ बाळा, हा तुझ्या पोटात बसलाय. गोल गरगरीत. तू औषध घेतलंस की तो असा धडपडतो बघ." नाव तिनंच दिलं, गुंडो. किडा खाटेवर चढायचा, पोटावर उभा राहायचा, मान हलवायचा. तिथं राघोत्तम अंगठा अडवून धरायचा. पानं निसटू नयेत म्हणून त्यांच्यावर डोळे खिळवून, श्वास धरून बसायचा, कान मात्र पोरीकडे. आणि जरा वेळानं, अगदी उशिरा, बारीक हसू ऐकू यायचं. मग तो अंगठा सोडायचा, थेंब पडायचा, गुंडो कोलमडायचा आणि सरोजा औषध घ्यायची. रोज. रोज ती त्याच जागी, तितक्याच उशिरा हसायची. त्याला वाटायचं, अशक्त झालीय पोर, हसूसुद्धा चढून यायला वेळ लागतो. त्या हसण्यासाठी तो दिवसभर जीव धरून काम करायचा. दरवेळी गुंडो कोलमडला, पण ताप हलला नाही. एका पहाटे तिचं पोट दगडासारखं कडक झालं आणि दुपारच्या आत सगळं आटोपलं. ती पानांची चळत पुढे त्याला घरात कधी दिसली नाही. त्यानं विचारलंही नाही.

मग पोस्टरं सुटली. कोडंबाक्कमला एका स्टुडिओच्या मागे पत्र्याच्या शेडमध्ये हलत्या चित्रांचं काम निघालं आणि तो तिथं लागला. चहाच्या जाहिराती, साबणाच्या जाहिराती. आरोग्य खात्याचं काम आलं, टायफॉइडचं, तेव्हा सगळे म्हणाले राघोत्तमला द्या, हात हलका आहे त्याचा. कुणाला काही ठाऊक नव्हतं. त्यानंही सांगितलं नाही. पहिल्याच दिवशी कागदावर पेन्सिल टेकली आणि गुंडो आला, मिशांसकट. वर्षभर तो त्या किड्याबरोबर बसून जेवला म्हटलं तरी चालेल. आणि खरं सांगायचं तर त्या वर्षात त्याला बरं वाटलं. कारण या खेपेला गुंडो कोलमडला की मुलगी उठत होती. तिचं उठणं त्यानं सगळ्यांत आधी काढलं होतं, उडी आधी आणि मग मागचं सगळं. मुलीचा चेहरा सरोजाचा नव्हता. ते त्याला धजवलं नाही. पण हसू तिचं होतं, आणि हसण्याआधीचं ते थांबणंही तिचंच होतं. वसंतरावांना तिथं काही घडत नाही असं दिसत होतं.

आता दात द्यायचे होते. शेडमध्ये त्याच्या टेबलाच्या काचेखाली दिवा जळायचा, समोर छोटा आरसा टांगलेला. चित्रातलं माणूस रागावलं, रडलं की आधी स्वतः आरशात तसं तोंड करून बघायचं आणि मग काढायचं, अशी सगळ्यांचीच रीत. त्यानं आरशात दात विचकले. ओठ मागे ओढले, डोळे वटारले. कागदावर गुंडोच्या मिशांखाली एक सुळा काढला, आणि पेन्सिल खाली ठेवली. हा सुळ्यांचा गुंडो आता खाटेवर चढणार. तिच्या पोटावर उभा राहणार. चार वर्षांपूर्वीच्या त्या संध्याकाळी, जिच्या पायांत पळून जायचं बळ नाही अशा पोरीला आपण हा दाखवणार! वेडेपणाच होता, ते कळतही होतं त्याला. डॉक्टर बरोबर बोलत होते, एन्नोरच्या कोळीवाड्यात पोरं अजून मरत होती, खाडीकाठच्या झऱ्याचं पाणी तसंच पीत होती, आणि हा गुंडोचा लाड करत बसला होता. त्यानं सुळा खोडला. पुन्हा काढला. पुन्हा खोडला. आणि मध्येच ती शाळेतली गोष्ट टोचायची: धडधाकट पोरं लगेच हसली, मग आपली उशिरा का हसायची? अशक्त होती म्हणून. अशक्त होती म्हणूनच ना?

शेवटी तो रविवारी काम घरी घेऊन आला. सेल्युलॉइडच्या पारदर्शक पत्र्यांवर रंगवलेली चार-सहा चित्रं त्यानं वाळायला खिडकीच्या गजांना टेकवून ठेवली आणि विहिरीवर हातपाय धुवायला गेला. परत येतो तो भवानी खोलीच्या मधोमध उभी. हातात तांदळाचं सूप, पण निवडणं थांबलेलं. खिडकीतून तिसऱ्या प्रहरचं ऊन आत येत होतं आणि त्या पत्र्यातून गुंडो जमिनीवर पडला होता, लाल हिरवा, मिशांसकट, बरोबर त्या कोपऱ्यात जिथं सरोजाचं अंथरूण असायचं. भवानी त्याच्याकडे बघत होती.

"हा कुठनं आला परत?" ती म्हणाली.

"खात्याचं काम आहे," राघोत्तम म्हणाला. "मुलांसाठी. टायफॉइडचं."

"मी जाळला होता ह्याला. बंबात घातला होता, दहाव्याच्या आदल्या दिवशी. सगळी पानं."

"जाळलंस? तिचं खेळणं होतं ते, भवानी! तेवढ्यालाच तर हसत होती पोर."

भवानीनं सूप खाली ठेवलं. गुंडोवर पाय पडू नये म्हणून ती बाजूला सरली, ते त्याला दिसलं. "भ्यायची ती ह्याला," ती म्हणाली. "फार भ्यायची. तुम्ही बाहेर गेलात की विचारायची, अम्मा, आज पण येणार का गुंडो? पोटावर हात ठेवून झोपायची, तो चढू नये म्हणोन."

"खोटं. हसायची ती. मी रोज ऐकलंय."

"ऐकलंत. बघितलंत कुठं? तुम्ही त्या पानांकडे बघत बसायचात. मी ह्या बाजूला बसून तिच्या कपाळावर पट्टी ठेवायची, मला दिसायचं. त्यानं मान हलवली की डोळे एवढे व्हायचे तिचे. मग वर तुमच्या तोंडाकडे बघायची. तुम्ही हसताय का, ते बघायची. तुमचं तोंड हसरं दिसलं की मग हसायची. मला म्हणाली, अप्पाला सांगू नको अम्मा, अप्पा रडेल."

अय्यो, काय म्हणाली ही? राघोत्तमला एकदम संताप आला, कुणाचा ते कळेना. "चार वर्षं बोलली नाहीस," तो ओरडलाच. "चार वर्षं तोंडातून चकार शब्द काढला नाहीस!"

"काय बोलू?" भवानीचा आवाज फाटला. "तिचं तेवढं एक हसू तुमच्यापाशी राहिलं होतं. ते पण काढून घेऊ?"

मग ती रडली. तेराव्याच्या दिवसानंतर तो तिला पहिल्यांदा मोठ्यानं रडताना ऐकत होता. घरमालकीण दाराशी डोकावली आणि निघून गेली. राघोत्तमला रडू येत नव्हतं. तो ते थांबणं मोजत होता. त्याच्या हाताला ते पाठ होतं. अंगठा अडवलेला असायचा, श्वास धरलेला असायचा, आणि तेवढ्या वेळात ती पोर भ्यायची, डोळे वर उचलायची, बापाचं तोंड शोधायची, तिथं हसू आहे असं बघायची आणि मग स्वतःचं हसू गोळा करून द्यायची. एवढं सगळं तिथं घडत होतं, आणि तो दिनदर्शिकेच्या पानांकडे बघत होता. ऊन सरकलं. गुंडो जमिनीवरून भिंतीवर चढला आणि फिका होत गेला.

"दाखव मला," तो म्हणाला.

"काय?"

"कशी बघायची ती. कर तसं. मला काढायचंय."

"वेड लागलंय तुम्हाला." पण ती निघून गेली नाही. डोळे पुसले, पदर सारखा केला, आणि मग त्या कोपऱ्यात भिंतीला टेकून बसली, हनुवटी छातीशी, हात पोटावर. पस्तिशीची बाई, केसांत पांढरे दिसू लागलेले. राघोत्तम तिच्यासमोर उभा राहिला. तिनं आधी जमिनीकडे पाहिलं, जिथं आता गुंडो नव्हता. तिचे डोळे मोठे झाले. मग ते डोळे हळूहळू वर आले, त्याच्या छातीवरून, गळ्यावरून, त्याच्या तोंडावर येऊन थांबले आणि तिथं काहीतरी शोधू लागले. त्याच्या तोंडावर हसू नव्हतं. ती वाट बघत राहिली. राघोत्तमनं पेन्सिल उचलली आणि भरभर काढायला लागला, कारण आणखी क्षणभर त्या नजरेसमोर उभं राहवलं नसतं.

गुंडोला त्यानं दात दिले नाहीत. मिशीचा केससुद्धा हलवला नाही. फक्त त्या रिकाम्या थांबण्यात मुलीची नजर घातली: भ्यालेले मोठे डोळे, मग ते वर उचलले जाणं, आणि शेवटी, उशिरा, तिचं हसू. वसंतरावांनी एकेक पत्रा कॅमेऱ्याखाली ठेवून चित्रं घेतली. दुपारी चहा त्यांनी स्वतः उठून त्याच्या टेबलापर्यंत आणून दिला. डॉक्टरांनी शेडमध्येच पाहिलं. त्यांच्या कपाळाला आठी पडली. "किडा तर तोच आहे की. आणि ही मुलगी वर कुणाकडे बघते?"

"तिच्या बापाकडे, सर."

"बाप चित्रात कुठंय?"

"चित्रात नाही," राघोत्तम म्हणाला. "तो इकडे बसलाय, बघणाऱ्यांत."

डॉक्टर त्याच्याकडे बघत राहिले. "एन्नोरला दाखवू," म्हणाले. "तिथं काय होतं ते बघू आणि मग ठरवू."

एन्नोरला कोळीवाड्यासमोर वाळूत दोन वासे रोवून पडदा बांधला. खात्याच्या गाडीत डॉक्टर, वसंतराव, राघोत्तम, आणि भवानीही. ती आपण होऊन निघाली होती. त्यानं ये म्हटलं नव्हतं, नको म्हटलं नव्हतं. सूर्य खाडीपलीकडे बुडाला तशी सगळी वस्ती वाळूत येऊन बसली, पुढे पोरं, मागे बायका, जाळ्यांच्या ढिगांवर बाप्ये. वाऱ्यानं पडदा फुगायचा आणि त्यावरची मुलगी श्वास घेतल्यासारखी हलायची. राघोत्तम पडद्याच्या बाजूला, पोरांकडे तोंड करून उभा राहिला. गुंडो चढला तशी पोरं हसली. पोटावर उभा राहिला, हसली. मान हलवली, हसायला तोंडं उघडली, आणि मुलीचे डोळे मोठे झाले. पुढचं हसू आलंच नाही. पडद्यावरची मुलगी वर बघत होती आणि समोर बसलेला प्रत्येक जण ती आपल्याकडेच बघतेय असं समजून गप्प झाला होता. एक बारकी पोर बहिणीच्या दंडाला धरून तमिळमध्ये म्हणाली, "अक्का, ती भ्यालीय. भ्यालीय तरी हसते बघ." मागे एका बाईनं मांडीवरच्या मुलाला उचलून छातीशी घेतलं. थेंब पडला, गुंडो कोलमडला. कुणी हसलं, कुणी नाही. दिवे लागले तेव्हा बायका डॉक्टरांभोवती जमल्या होत्या. पाणी किती उकळायचं, लाकडं ओली असली तर काय करायचं, झऱ्याचं पाणी उकळून चालेल का, असं एकदम विचारत होत्या. डॉक्टरांनी गर्दीतूनच राघोत्तमकडे पाहून मान डोलावली. सिनेमा मुंबईला जाणार नव्हता.

पोरांनी गलका केला, परत, परत! वसंतरावांनी फीत गुंडाळून पुन्हा लावली. राघोत्तम पुन्हा बाजूला जाऊन उभा राहणार तोच भवानीनं त्याचा हात धरला आणि त्याला आपल्या शेजारी वाळूत बसवलं.

"पोरांकडे काय बघताय?" ती म्हणाली. "तिच्याकडे बघा. या वेळेला तरी तिच्याकडे बघा."

तो बघायला लागला. पाणी, ताप, खाट. गुंडो चढला. त्याला नजर काढून घ्यावीशी वाटली, वाळूकडे, यंत्राच्या उजेडात उडणाऱ्या चिलटांकडे, कुठंही. भवानीनं हात सोडला नव्हता. गुंडोनं मान हलवली. पोरीचे डोळे मोठे झाले. मग ते वर उचलले गेले, हळूहळू, त्यानंच काढले होते तसे, आणि त्याच्यावर येऊन थांबले. त्याच्या तोंडावर. ती शोधत होती. राघोत्तमच्या गालांवरून पाणी ओघळत होतं, ओठ थरथरत होते, आणि आता अंगठा अडवून धरायला त्याच्या हातात काही नव्हतं. त्यानं घाईघाईनं तोंड पुसलं. आरशापुढे करतात तसे ओठांचे कोपरे वर उचलले, ते खाली आले, पुन्हा उचलले, डोळेसुद्धा हसरे केले. "हसतोय गं मी," तो पुटपुटला. "बघ, हसतोय."

मग ती हसली.